गिरणीची फरशी आणि डोंगरांतील वाट

मनुष्य चालूं लागला म्हणजे वाट आपोआप पडते, तिच्यासाठीं निराळें शास्त्र कशाला हवें, असा सर्वसाधारण समज आहे. शेताच्या बांधावरील किंवा दोन वाड्यांमधील पायवाटेपुरता तो खोटाही नाहीं. दहापांच माणसें रोज जातात येतात, गवत दबतें, माती टणक होते आणि वाट तयार होते. परंतु त्याच वाटेवरून वर्षाकाठीं हजारों माणसें जाऊं लागलीं, जमीन मऊ व पाणथळ असली आणि पाऊस बाराही महिने येत असला, म्हणजे आपोआप पडलेली वाट आपोआपच मोडते. आणि मोडतांना भोंवतालचा डोंगरही आपल्याबरोबर घेऊन जाते. अशा वेळीं वाट योजावी लागते. ती योजतांना चालणाराचा पाय आणि त्या पायाखालची जमीन या दोहोंच्या गरजा एकदमच लक्षांत घ्याव्या लागतात. हें काम किती अवघड आहे आणि साधलें तर किती फलदायी होतें, याचें उत्तम उदाहरण इंग्लंडांतील ‘पेनाइन वे’ या डोंगरवाटेच्या इतिहासांत सांपडतें.

इंग्लंडच्या उत्तर भागांत पाठीच्या कण्यासारखी जी डोंगरांची रांग पसरली आहे, तिला पेनाइन असें म्हणतात. तिच्या दक्षिण टोकास, पश्चिमेला मँचेस्टर व पूर्वेला शेफील्ड हीं प्रसिद्ध उद्योगनगरें आहेत. उंचीच्या दृष्टीनें हे डोंगर ठेंगणेच म्हटले पाहिजेत. त्यांतील किंडर स्काउट हें पठार ६३६ मीटर, तर ब्लॅक हिल नांवाचा डोंगर ५८२ मीटर उंच आहे. आपल्या माथेरानची उंचीही त्यांहून अधिक भरेल. परंतु या डोंगरांचें वैशिष्ट्य उंचींत नसून त्यांच्या माथ्यावरील जमिनींत आहे. तेथें सपाट, गार व सदैव ओल्या अशा माळांवर पीट नांवाच्या काळ्या, स्पंजासारख्या द्रव्याचा थर पसरलेला आहे. वनस्पती मरून पडल्या तरी पाण्यानें भरलेल्या जमिनींत हवा न मिळाल्यामुळें त्या पुरत्या कुजत नाहींत. त्यांचे अर्धवट कुजलेले अवशेष एकावर एक सांचत जातात व त्यांचेंच पीट बनतें. ही वाढ वर्षाला सुमारें एक मिलिमीटर, म्हणजे एक मीटर थर जमण्यास सुमारें एक हजार वर्षें लागतात. ओल्या पीटाच्या वजनापैकीं बहुतेक भाग नुसत्या पाण्याचाच असतो. असें हें हजारों वर्षांचें संचित. आणि त्याला बळकटी काय ती वरच्या पातळ हिरव्या सालीची, म्हणजे शेवाळ, गवत व झुडपें यांच्या मुळांची.

ही साल माणसाचे पाय तेथें फारसे पोंचण्यापूर्वींच दुबळी झाली होती. पीट तयार करणाऱ्या वनस्पतींमध्यें स्फॅग्नम नांवाचें शेवाळ प्रमुख असतें. तें स्वतःच्या वजनाच्या कित्येक पट पाणी धरून ठेवतें. परंतु औद्योगिक क्रांतीनंतर लँकशायरमधील कापडाच्या गिरण्या व इतर कारखाने यांच्या धुराड्यांतून जो कोळशाचा धूर निघाला, त्यांतील काजळी व गंधकाचें अम्ल पावसाबरोबर याच डोंगरांवर उतरलें. त्या अम्लानें स्फॅग्नम शेवाळ विस्तीर्ण प्रदेशांतून जवळजवळ नाहींसें झालें. मेंढ्यांची चराई आणि वेळोवेळीं लागलेले वणवे यांनीं उरलेली कसर भरून काढली. या गिरण्यांशीं आपल्या देशाचाही संबंध होता, ही गोष्ट येथें आठवल्यावांचून राहत नाहीं. १८६१ ते १८६५ या काळांतील अमेरिकन यादवी युद्धामुळें तिकडील कापूस बंद पडला, तेव्हां लँकशायरचीं चातीं फिरतीं ठेवण्यासाठीं मुंबई बंदरांतून कापसाच्या गाठींवर गाठी रवाना झाल्या, आणि त्या व्यापारानें मुंबईंत अनेकांचें नशीब उघडलें व लढाई संपतांच अनेकांचें बुडालेंही.

गिरण्यांत राबणाऱ्या माणसांना आठवड्याची सुट्टी मिळाली म्हणजे धुराबाहेर पडण्याची ओढ लागे, आणि शहराच्या वेशीवरून दिसणारे हे डोंगर त्यांना खुणावीत. परंतु डोंगरमाथे खासगी मालकीचे होते. ग्राउझ नांवाच्या पक्ष्यांच्या शिकारीसाठीं ते राखून ठेवलेले असत आणि राखणदार लोकांना हुसकून लावीत. अखेर २४ एप्रिल १९३२ रोजीं सुमारें चारशें स्त्रीपुरुषांनीं, बेनी रॉथमन या वीस वर्षांच्या तरुणाच्या पुढाकारानें, किंडर स्काउटवर उघडपणें बेकायदा प्रवेश केला. पांच जणांना दोन ते सहा महिन्यांपर्यंत तुरुंगवास भोगावा लागला. परंतु लोकमत जागें झालें. पुढें १९३५ सालीं टॉम स्टीफन्सन या पत्रकारानें ‘डेली हेरल्ड’ पत्रांत एक लेख लिहून, अमेरिकेंतील अ‍ॅपलेशियन वाटेप्रमाणें इंग्लंडांतही या डोंगररांगेच्या माथ्यावरून एक सलग लांब पायवाट असावी, अशी मागणी केली. १९४९ सालीं राष्ट्रीय उद्यानें व ग्रामप्रदेशांतील प्रवेश यांविषयींचा कायदा झाला. त्या कायद्यान्वयें १९५१ सालीं पीक डिस्ट्रिक्ट हें देशांतील पहिलें राष्ट्रीय उद्यान स्थापन झालें; आणि स्टीफन्सन यांच्या लेखानंतर तीस वर्षांनीं, २४ एप्रिल १९६५ रोजीं, ईडेल या खेड्यापासून स्कॉटलंडच्या हद्दींतील कर्क येटमपर्यंत जाणारी सुमारें ४३१ किलोमीटर लांबीची पेनाइन वे ही वाट विधिपूर्वक खुली झाली.

एवढ्या खटपटीनें मिळविलेली वाट लोकांनीं मोठ्या उत्साहानें वापरली, आणि त्या उत्साहांतच संकटाचें बीज होतें. नकाशावर एक रेषा ओढली गेली, ठिकठिकाणीं खुणेचे खांब रोंवले गेले. परंतु त्या रेषेखालची जमीन एवढ्या पावलांचा भार सोसूं शकेल काय, हा प्रश्न वाट खुली करतांना कोणीं फारसा विचारला नव्हता. आधींच दुबळी झालेली हिरवी साल बुटांखालीं फाटली. उघडें पडलेलें पीट पावसांत चिखल झालें, उन्हांत भुगा झालें, हिंवाळ्यांत गोठून फुगलें व सुटें झालें. वाऱ्यानें उडालें आणि ओहोळांतून वाहून गेलें. ब्लॅक हिलचा माथा तर वनस्पतीचें नांव नसलेला काळा चिखल होऊन बसला. प्रसिद्ध डोंगरयात्री आल्फ्रेड वेनराइट, ज्यांच्या हस्तलिखित मार्गदर्शिका इंग्लंडांत घरोघर वाचल्या जातात, ते याच ठिकाणीं चिखलांत असे रुतले कीं सोबत्यानें व एका वनरक्षकानें त्यांना ओढून बाहेर काढावें लागलें.

वाट रुंद कशी होते, हें समजून घेण्याजोगें आहे. पावसाळ्यांत गांवाकडील वाटेवर चिखल झाला म्हणजे माणूस काय करतो, हें प्रत्येकानें पाहिलें आहे. तो चपला हातांत घेऊन कडेच्या गवतावरून जातो. दुसऱ्या दिवशीं ती कडही चिखल होते. मग तिसरा माणूस आणखी बाजूला सरकतो. अशा रीतीनें हातभर वाटेचें पटांगण होतें. स्कॉटलंडमधील नील बेफील्ड या अभ्यासकानें डोंगरी वाटांचें निरीक्षण करून १९७३ सालीं जे निष्कर्ष प्रसिद्ध केले, त्यांवरून हेंच स्पष्ट झालें कीं, वाट जितकी ओली व खडबडीत, तितके चालणारे तिच्या बाहेर पसरतात. आणि भोंवतालची जमीन चालण्यास कठीण असेल, तर ते वाटेवरच राहतात. या निष्कर्षाचें महत्त्व मोठें आहे. वाट सोडणारा मनुष्य बेजबाबदार असतो असें नव्हे. तो केवळ आपला घोटा व आपला तोल सांभाळीत असतो. त्याला फलक लावून उपदेश केल्यानें फारसें साधत नाहीं. वाट कडेपेक्षां सोयीची करणें हाच त्याला वाटेवर ठेवण्याचा खात्रीचा उपाय होय. म्हणजे चालणाराची सोय पाहणें आणि डोंगराचें रक्षण करणें या दोन परस्परविरोधी गोष्टी नसून, पुष्कळदां पहिलीवांचून दुसरी होतच नाहीं.

परंतु दलदलीवर सोयीची वाट करावी कशी? लांकडी पट्ट्यांचे तराफे अंथरून पाहिले, कृत्रिम धाग्यांच्या कापडावर खडी पसरून पाहिली; पण पीटाच्या त्या लिबलिबीत थरावर असले उपाय बहुधा टिकले नाहींत. अखेर उत्तर सांपडलें तें जुन्या काळांत. मोटारी व आगगाड्या येण्यापूर्वीं याच डोंगरांतून लोकर, मीठ व इतर माल वाहणाऱ्या तट्टांचे तांडे जात असत, आणि त्यांच्यासाठीं ओल्या जागीं सपाट शिळांची एकेरी ओळ मांडलेली असे. अशा शिळा कित्येक ठिकाणीं शतकानुशतकें जागच्या हालल्या नव्हत्या. १९८० नंतरच्या दशकाच्या अखेरीस व पुढील दशकांत हीच रीत पेनाइन वाटेवर पुन्हां चालू करण्यांत आली. नव्या शिळा खाणींतून काढण्याची मोठीशी गरज पडली नाहीं. लँकशायरचा कापडधंदा तोंवर बसला होता. ओस पडलेल्या गिरण्या पाडल्या जात होत्या. आणि त्यांच्या तळमजल्यांवरच्या वालुकाश्माच्या जाड फरशा मिळण्यासारख्या होत्या. चिखलांतून गाडी नेणें अशक्य, आणि नेली तर ती स्वतःच जमीन फाडणार. म्हणून हेलिकॉप्टरनें फरशांचे भारे माथ्यावर उतरविण्यांत आले आणि माणसांनीं त्या एकापुढें एक बसविल्या. कांहीं फरशांवर यंत्रें बसविण्यासाठीं पाडलेलीं भोकें अद्यापि दिसतात. ज्या गिरण्यांच्या धुरानें डोंगराची साल जाळली, त्यांच्याच पायाखालचे दगड अखेर डोंगराच्या रक्षणास आले.

या फरशीचें कार्य साध्या हिशेबानें समजतें. सत्तर किलो वजनाचा मनुष्य एका पायावर उभा असतां त्याच्या बुटाचा तळवा दोनशें चौरस सेंटिमीटर धरला, तर जमिनीच्या दर चौरस सेंटिमीटरवर सुमारें साडेतीनशें ग्रॅम भार पडतो; टांच आपटतांना तो याहूनही वाढतो. आतां हाच मनुष्य एक मीटर लांब व एक मीटर रुंद अशा फरशीवर उभा आहे असें समजावें. फरशी आठ सेंटिमीटर जाड असल्यास तिचें स्वतःचें वजनच दोनशें किलोच्या जवळपास भरेल. तरीही मनुष्य व फरशी यांचा एकत्रित भार दहा हजार चौरस सेंटिमीटरांवर वांटला गेल्यामुळें दर चौरस सेंटिमीटरच्या वांट्यास तीस ग्रॅमहूनही कमीच येतो. म्हणजे पूर्वीच्या एकदशांशापेक्षांही कमी. तात्पर्य, जड फरशी मऊ जमिनीवर जवळजवळ तरंगत राहते. शिवाय ती अरुंद असल्यामुळें माणसें एकामागून एक चालतात, बाजूस पसरत नाहींत, आणि दोहों कडांस गवताला पुन्हां डोकें वर काढण्यास अवसर मिळतो.

मात्र प्रत्येक ठिकाणीं फरशी हेंच उत्तर नव्हे. चढावर सपाट फरशी निसटते. तेथें ओबडधोबड दगड उभे रोंवून पायऱ्यांसारखी बांधणी करावी लागते. पाणी हा वाटेचा खरा शत्रू असल्यामुळें, वाट उताराच्या दिशेनें सरळ खालीं न नेतां आडवी न्यावी, म्हणजे पाणी तिच्यावरून न धांवतां तिला ओलांडून जातें, हा नियम जगांत सर्वत्र पाळला जातो. जेथें असें करणें शक्य नसतें, तेथें थोड्या थोड्या अंतरावर आडव्या दगडी पन्हळी काढून पाणी बाहेर घालवावें लागतें. आणि कधीं कधीं तर वाटच हलवावी लागते. पेनाइन वे प्रथम ईडेलहून ग्रिंड्सब्रुकच्या घळींतून निघून किंडरच्या उघड्या पठारावरून जात असे. तेथील झीज पाहून ती पुढें ‘जेकबची शिडी’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या जुन्या मार्गानें वळविण्यांत आली.

वाटेचा विचार करतांना पादत्राणाचा व पाठीवरील ओझ्याचा विचार वेगळा ठेवतां येत नाहीं. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धांत डोंगर चढणारे लोक तळव्याला लोखंडी खिळे मारलेले जड चामडी बूट घालीत. हे खिळे दगडावर घसरत, थंडी पायापर्यंत पोंचवीत आणि माती उकरीत. १९३५ सालीं इटालींतील पुंता रासिका या शिखराजवळ वादळांत सांपडून सहा गिर्यारोहक मरण पावले. कड्यावर चढण्यासाठीं त्यांनीं हलके बूट घातले होते, आणि थंडीवाऱ्यांत ते निरुपयोगी ठरले. त्यांचा सोबती विताले ब्रामानी यानें या दुःखांतून शोध सुरू केला आणि पिरेली या रबराच्या कारखानदारांच्या साहाय्यानें १९३७ सालीं खोल खांचांचा रबरी तळवा तयार केला. कड्यावर व बर्फाच्या कडेला सारखाच उपयोगी पडणारा हा तळवा १९५४ सालीं के-टू शिखर प्रथम सर करणाऱ्या इटालियन तुकडीच्या पायांत होता. ओझ्याचीही कथा तशीच आहे. नॉर्वेतील ओले बर्गन यानें १९०९ सालीं पाठीच्या आकाराप्रमाणें वांकविलेल्या चौकटीच्या पिशवीचें पेटंट घेतलें. त्यामुळें लोंबणारी व खांद्यांत रुतणारी पिशवी पाठीवर नीट बसूं लागली. दोन्ही शोधांचें मूळ एकच: वस्तु शरीराला अनुसरून घडविणें.

तथापि या सुधारणेला मर्यादा आहेत. पायांत घातलेलें वजन पाठीवर घेतलेल्या तितक्याच वजनापेक्षां सुमारें चार ते सहा पट श्रम घेतें, असें सैनिकांवरील प्रयोगांत आढळून आलें आहे. कारण पाठीवरचें ओझें जवळजवळ एका पातळींत पुढें सरकतें, तर बूट प्रत्येक पावलाला उचलावा, पुढें फेंकावा व थांबवावा लागतो. मग लोक जड बूट वापरतात कां? कारण वाट वाईट असते. गुडघाभर चिखल व निसटते दगड यांच्या धास्तीनें घोट्यापर्यंतचे भक्कम बूट चढवावे लागतात. खोल खांचांचा तळवा चिखलांत माती धरतो व तिच्याबरोबर एका माळावरचें बीं दुसऱ्या माळावर नेतो. वाट आणखी बिघडते आणि बूट आणखी जड होतात. वाट सुधारली म्हणजे हें चक्र उलट फिरतें. हलका जोडा पुरतो, पाय कमी थकतो, आणि ज्यांना पूर्वीं हें साहस झेपलें नसतें अशा वृद्धांना व मुलांनाही डोंगरमाथा गांठतां येतो.

या फरशांविरुद्ध तक्रारी झाल्या नाहींत असें नाहीं. शहरांतील फुटपाथ सोडून आलेल्या माणसाला डोंगरावरही फुटपाथच भेटावा, यांत कसला आनंद, असें कित्येक जुन्या डोंगरयात्र्यांचें म्हणणें पडलें. कठीण दगडावर तासन्‌तास चालून गुडघे दुखतात, बर्फ पडल्यावर फरशी निसरडी होते, हेंही खरेंच आहे. या आक्षेपांना सोपें उत्तर नाहीं. परंतु पर्याय काय होते, हेंही पाहिलें पाहिजे. वाट बंद करणें हा एक. पण ज्या डोंगरांत जाण्यासाठीं माणसें तुरुंगांत गेलीं, तेथून लोकांना पुन्हां हांकलून लावणें कोणाला रुचलें असतें? दुसरा, सर्व जसेंच्या तसें चालू देणें. म्हणजे हजारों वर्षांचें पीट एका पिढीच्या पायांखालीं वाहून जाऊं देणें. आणि हा तोटा केवळ दृश्यसौंदर्याचा नव्हे. पीटांत प्रचंड प्रमाणावर कार्बन सांठलेला असतो. तें उघडें पडून वाळलें म्हणजे तो कार्बन वायुरूपानें हवेंत जातो व पृथ्वीचें तापमान वाढविण्यास हातभार लावतो. वाहून गेलेल्या पीटानें खालच्या तलावांतील पाणी तांबूस होतें, आणि तें शुद्ध करण्याचा खर्च शहरांतील नळ वापरणाऱ्यांवरच येऊन पडतो.

वाट बांधून झाली तरी डोंगराची जखम तेवढ्यानें भरली नाहीं. २००३ सालापासून ‘मूर्स फॉर द फ्यूचर’ नांवाची एक संयुक्त योजना या माथ्यांवर काम करीत आहे. उघड्या पीटावर चुनखडी टाकून त्याचा आंबटपणा कमी करावयाचा, उतारावर तागाची जाळी अंथरून माती धरून ठेवावयाची, गवताचें बीं पेरावयाचें, घळींना छोटे बांध घालून पाणी अडवावयाचें आणि ओल टिकूं लागली म्हणजे स्फॅग्नम शेवाळाचीं रोपें पुन्हां लावावयाचीं, असा तिचा क्रम आहे. वेनराइट जेथें रुतले होते त्या ब्लॅक हिलवर आज फरशीच्या दोन्ही बाजूंस हिरवळ आहे. आणि उन्हाळ्याच्या आरंभीं त्या हिरवळींत ‘कापूसगवत’ या नांवानेंच ओळखल्या जाणाऱ्या गवताचे पांढरे झुबके, फुटलेल्या बोंडांसारखे, वाऱ्यावर डोलत असतात.

डोंगरांत वाट काढूं इच्छिणारा कोणीही असो, आणि डोंगर कोठलाही असो, त्यानें काम सुरू करण्यापूर्वीं तीन गोष्टींचा शोध घ्यावा, एवढा बोध या इतिहासांतून निश्चित निघतो. पाणी कोठून येतें व कोठें जातें. थकलेला मनुष्य सहजपणें कोठें पाऊल टाकील. आणि जमिनीची वरची साल किती पावलें सोसूं शकेल. पेनाइन वाटेवर या तीन प्रश्नांचीं उत्तरें वाट खुली झाल्यावर वीसबावीस वर्षांनीं शोधलीं गेलीं, आणि तेवढ्या विलंबाची भरपाई अद्यापि चालूच आहे. तीं आधींच शोधलीं, तर पुष्कळ ठिकाणीं फरशीचीही गरज पडणार नाहीं.